‘तांत्रिक’ या शब्दाआड

गेल्या महिन्यात आमच्या फिल्म सोसायटीत ‘एम’ दाखवला. १९३१ चा, दिग्दर्शक फ्रिट्झ लांगचा, पीटर लोरे ज्यात मुलींचा खुनी झालाय तो. दिवे लागले आणि मागच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं, “सुरुवातीला लांगनं काय कापलंय!” मी म्हटलं, संकलन पॉल फाल्केनबेर्गचं आहे. एवढ्यावरून जो वाद पेटला तो चहा गार झाला तरी मिटला नाही. एक बाजू म्हणत होती, दिग्दर्शक सांगतो तिथं संकलक कात्री लावतो, कारागिराला उगाच कलावंत करू नका. दुसरी बाजू म्हणत होती, चित्रपट खरा बनतो तो संकलनाच्या टेबलावर, दिग्दर्शक नुसता कच्चा माल आणून टाकतो. दोन्हीकडची माणसं जाणकार होती. पण तासभर भांडूनही त्या सुरुवातीच्या मिनिटांत आवाज कुठे चालू राहतो आणि कुठे थांबतो, हे एकालाही सांगता आलं नाही. २०२२ च्या ऑस्कर सोहळ्यात संकलनासह आठ पुरस्कार थेट प्रक्षेपणाआधीच उरकून टाकले, तेव्हाही जगभर हाच वाद झाला होता आणि तोही याच वळणानं गेला होता: संकलन ही कला की तंत्र?

हा प्रश्नच मुळात चुकीचा घातलेला आहे. संकलन म्हणजे निर्णय. कुठे थांबायचं, कुठे पुढे जायचं, कशाशेजारी काय ठेवायचं, हे कुणीतरी ठरवलेलं असतं. ठरवलेल्या गोष्टीला ठरवणाऱ्याचं नाव असायला हवं, आणि हे मी निव्वळ कौतुकाच्या वाटणीसाठी म्हणत नाही. ‘तांत्रिक’ हा शब्द माणसाकडून दोन गोष्टी काढून घेतो, श्रेय आणि जबाबदारी. पहिलीबद्दल आपण गळा काढतो आणि दुसरीबद्दल गप्प बसतो. मला दुसरी जास्त महत्त्वाची वाटते, आणि का वाटते ते सांगायला १९२९ ते १९३३ या चार वर्षांतल्या जर्मन बोलपटांइतकं चांगलं उदाहरण नाही. संकलकाचं काम तिथे जवळजवळ नव्यानं जन्माला आलं. ते करणारी माणसं पुढच्या काही वर्षांत जगभर विखुरली गेली, आणि त्यांच्या कामाचं काय काय होऊ शकतं हेही त्याच देशानं दाखवलं.

मूकपटाच्या काळात जर्मनीत पुष्कळ दिग्दर्शक आपला चित्रपट स्वतःच कापत. पट्ट्या चिकटवायचं काम बायकांकडे असे. ‘क्लेबेरिन’, म्हणजे चिकटवणारी, हेच त्यांच्या हुद्द्याचं नाव. आवाज आला आणि ही घडी विस्कटली. फोग्ट, एंगल आणि मासोले या तिघांनी बर्लिनमध्ये १९२२ सालीच फिल्मवर छापलेला आवाज लोकांना ऐकवला होता, पण धंदा म्हणून तो उभा राहायला १९२८ उजाडलं. त्या वर्षी टोबिस आणि क्लांगफिल्म या दोन कंपन्या निघाल्या. १९२९ मध्ये उफा या चित्रपट कंपनीनं बर्लिनजवळ बाबेल्सबर्गला फुलीच्या आकाराचा खास ध्वनिस्टुडिओ बांधला.

आता अडचण काय होती ती बघा. प्रोजेक्टरमध्ये चित्राच्या खिडकीपाशी फिल्म सेकंदाला चोवीसदा थबकते, आवाज वाचणाऱ्या दिव्यासमोरून मात्र ती अखंड वाहायला हवी. त्यामुळे चित्र आणि त्याचा आवाज पट्टीवर शेजारी शेजारी बसूच शकत नाहीत. आवाज साधारण वीस चौकटी, म्हणजे पट्टीवरची वीस चित्रं, पुढे छापलेला असतो, म्हणजे जवळजवळ एक सेकंद. अशी पट्टी चित्र बघून कापली तर आवाज भलत्याच ठिकाणी तुटतो. उपाय एकच: चित्राची पट्टी वेगळी, आवाजाची वेगळी, दोन्ही जुळवून चालवायच्या आणि वेगवेगळ्या कापायच्या. हे सुचलं ते नाइलाजानं. पण दोन पट्ट्या सुट्या झाल्या त्या क्षणी एक प्रश्न उभा राहिला, जो त्याआधी कुणापुढेच नव्हता: दोन्ही एकाच ठिकाणी कापायच्या कशाला? माणूस दिसेनासा झाला म्हणून त्याचा आवाजही थांबायला हवा, असं कुठे आहे?

फिल्मच्या पट्टीवर काम शिकलेल्या शेवटच्या काही पिढ्यांतला मी एक. स्टीनबेक कंपनीच्या संकलनाच्या टेबलावर हात बसला. ती कंपनीही हॅम्बुर्गमध्ये १९३१ सालीच सुरू झालेली. छापील आवाजाच्या पट्टीला जोड दिला की दिव्यासमोरून जाताना तो ‘टक्’ असा वाजतो. तो वाजू नये म्हणून जोडावर बारीक काळा त्रिकोण रंगवायचा. उतार असा धरायचा की प्रकाश एकदम न तुटता हळूच मिटेल आणि हळूच उघडेल. आमच्या उस्तादांनी मला ब्रश हातात धरून हे शिकवलं होतं. त्रिकोण आखूड झाला तर टक् ऐकू येई, लांब झाला तर पुढच्या शब्दाचं पहिलं अक्षर गिळलं जाई. हे काम तंत्राचंच आहे, मी नाकारत नाही. पण ते अक्षर गिळलं गेलं तरी चालेल की नाही, हे ब्रशला ठरवता येत नाही.

त्या काळातल्या लोकांना आपण काय हाताळतोय याची पुरती जाणीव होती. दिग्दर्शक वाल्टर रुटमाननं १९३० मध्ये ‘वीकएंड’ नावाची एक कृती केली. ती फिल्मवर केली, पण तिच्यात एकही चित्र नाही. सुमारे अकरा मिनिटं फक्त आवाज: यंत्रं, टायपरायटर, गाडी, मुलं, घंटा, तुटक शब्द. शनिवारी काम सुटतं तिथपासून सोमवारी पुन्हा जुंपलं जाईपर्यंतचं बर्लिन. जूनमध्ये बर्लिन रेडिओनं ते प्रसारित केलं. कॅमेरा नाही, नट नाहीत, पडदाही नाही. उरतं ते निव्वळ संकलन, आणि तरीही ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे शहर उभं राहतं.

आता ‘एम’कडे येतो. अकरा मे १९३१ ला बर्लिनमध्ये तो पहिल्यांदा दाखवला तेव्हा फाल्केनबेर्ग सत्तावीस वर्षांचा होता. सुरुवात अशी आहे. आई दुपारचं जेवण मांडतेय, भिंतीवरच्या घड्याळातला पक्षी ओरडतो, शाळा सुटायची वेळ. तिकडे तिची मुलगी एल्सी रस्त्यानं चेंडू आपटत येते, खुन्याच्या बक्षिसाची जाहिरात लावलेल्या खांबावर चेंडू टप्प्याटप्प्यानं मारते, आणि त्या जाहिरातीवर एका माणसाची सावली पडते. मुलगी घरी येत नाही. आई जिन्याच्या कठड्यावरून वाकून हाक मारते: “एल्सी!” आणि इथून पुढे पडद्यावर माणूस नाही. वरून दिसणारा रिकामा जिना. कपडे वाळत घातलेला रिकामा माळा. टेबलावर मांडलेली ताटली, रिकामी खुर्ची. हाक मात्र चालूच आहे, दर चित्रागणिक जरा लांब जाते. मग हाकही संपते. झुडपातून चेंडू घरंगळत येतो आणि थांबतो. फुगा विजेच्या तारांत अडकतो, थरथरतो, निसटतो. त्या चेंडूला आणि फुग्याला हाक पोचत नाही. खून दाखवलेलाच नाही, आणि तो झाल्याची खात्री मात्र आपल्याला त्या पोचू न शकलेल्या हाकेनं होते.

आता विरोधी बाजूचा सगळ्यात भक्कम मुद्दा. हे सगळं लांगनं आणि पटकथाकार थेआ फॉन हार्बूनं आधी कागदावर ठरवलेलं असणार. लांग काही सैल माणूस नव्हता, एकेक चौकट आखणारा म्हणून तो प्रसिद्ध होता, आणि चित्रपटात खुनी जी शीळ घालतो तीसुद्धा, लोरेला शीळ येत नव्हती म्हणून, लांगनं स्वतः घातलीय. पोलिसांची बैठक आणि गुन्हेगारांची बैठक आलटून पालटून दाखवताना टोळीप्रमुखानं उचललेला हात पोलीस अधिकारी खाली आणतो, एकाचं वाक्य दुसरा पुरं करतो. असला सांधा चित्रीकरणाआधीच ठरवावा लागतो, नंतर टेबलावर सापडत नाही. मग फाल्केनबेर्गनं केलं काय? कुठला कट कुणाचा याचा हिशेब बंद खोलीत कुणी लिहून ठेवत नाही, त्यामुळे “हा फाल्केनबेर्गचा” असं बोट ठेवून मीही सांगू शकत नाही. हे सगळं मला मान्य आहे. ‘खरा दिग्दर्शक संकलकच’ म्हणणाऱ्यांनीही हे मुकाट्यानं मान्य करायला हवं. त्यांचा दावा पुराव्यावर टिकणारा नाही, आणि एकाचं सिंहासन काढून दुसऱ्याखाली सरकवण्यानं हाती काही लागतही नाही.

पण ‘आधी ठरवलेलं होतं’ या वाक्यात एक पळवाट आहे. पटकथेत ‘रिकामा जिना’ एवढं लिहिता येतं. तो किती वेळ दिसावा हे लिहिता येत नाही, लिहिलं तरी पाळता येत नाही, कारण आई हाक कशी मारते, किती श्वासानं मारते, हे ती मारेपर्यंत कुणालाच ठाऊक नसतं. दोन हाकांमधली शांतता चाळीस चौकटींची की साठ, हे कळतं ते पट्टी हातात आल्यावर. चाळीसला आई नुसती चिडलेली वाटेल, साठला तिच्या मनात पाल चुकचुकेल. तो आकडा कुणीतरी ठरवला. लांगनं ठरवला असेल, फाल्केनबेर्गनं ठरवला असेल, दोघांनी शेजारी बसून ठरवला असेल. मी स्वतः दिग्दर्शकाशेजारी बसून असे हजारो आकडे ठरवलेत, आणि नंतर विचाराल तर त्यातले निम्मे कुणाचे हे आम्हा दोघांनाही सांगता यायचं नाही. म्हणून ते सगळे त्याचे झाले का? दोघांनी मिळून विहीर खणली आणि पहिली कुदळ कुणाची हे आठवत नसेल, तर विहीर एकाच्या नावावर चढवायची, हा कुठला न्याय?

आणि हा निर्णय किती मोलाचा होता हे पुढे एकदा आयतंच सिद्ध झालं. १९६० साली ‘एम’ जर्मनीत पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा मूळ चित्रपटात जिथं मुद्दाम शांतता होती तिथं आवाज भरण्यात आले. भरणाऱ्यांचा हेतू वाईट नसेल. प्रेक्षकाला वाटू नये की आवाज बिघडलाय, एवढंच. पण ‘एम’ची निम्मी भीती त्या शांततेत आहे. पुढे जाणकारांनी शोधून, निवडून, जुन्या प्रती ताडून मूळ ध्वनिपट्टी परत आणली. मूळ लांबी ३,२०८ मीटर, म्हणजे ११७ मिनिटं. तेवढा सगळा काही हाती लागला नाही, पण शांतता तरी जागेवर आली.

हे वाचताना मराठी माणसाला नाथांची आठवण व्हावी. शके १५०६ मध्ये एकनाथांनी ज्ञानेश्वरीच्या प्रती ताडून शुद्ध पाठ सिद्ध केला आणि शेवटी आपलं नाव आणि शक घालून स्वच्छ बजावलं, की यात कुणी आपली ओवी घुसडली तर ती अमृताच्या ताटात नरोटी ठेवल्यासारखी होईल. नाथ ज्ञानेश्वरीचे कवी नव्हते, तसा दावा त्यांनी स्वप्नातही केला नसता. पण आपण केलंय ते काय, केव्हा आणि कुठवर, हे सांगून ते त्या पाठामागे उभे राहिले. कुणी त्यांना ‘नकलनवीस’ म्हणतं का? ‘संकलक दिलेल्यातून फक्त निवडतो’ असं ज्यांना वाटतं त्यांनी निवडणं म्हणजे काय याचा इथे विचार करावा.

‘एम’च्याच वर्षांत बर्लिनमध्ये ‘चित्रपट कुणाचा’ हा प्रश्न चक्क कोर्टात गेला होता. ‘एम’ काढणाऱ्या नेरो फिल्म याच कंपनीनं नाटककार ब्रेष्ट आणि संगीतकार कुर्ट वाइल यांचं ‘थ्रीपेनी ऑपेरा’ पडद्यावर आणायचं ठरवलं. हेच नाटक पु. लं.नी ‘तीन पैशाचा तमाशा’ म्हणून मराठीत आणलं. ब्रेष्टला आपल्या मजकुरावर हक्क हवा होता, वाइलला आपल्या संगीतावर. १९३० च्या शरद ऋतूत दोघांनी कंपनीवर दावा लावला. वाइल जिंकला, ब्रेष्ट हरला, आणि नंतर त्यानं त्या खटल्यावर लिहिलेलं आजही वाचण्यासारखं आहे: चित्रपट हा माल आहे आणि मालाच्या कारखान्यात एकट्या लेखकाची मालकी टिकत नाही, असा त्याचा रोख होता. माझ्या डोळ्यांसमोर मात्र दुसरंच चित्र येतं. वकील, लेखक, संगीतकार आणि निर्माते कोर्टात लढत असताना, दिग्दर्शक पाब्स्टचा हा चित्रपट ज्याच्या टेबलावर यायचा होता तो हान्स ओझर कुणाच्याच युक्तिवादात नव्हता. आणि त्याच्यापुढचं काम साधं नव्हतं. तेव्हा डबिंग धड जमत नसे, म्हणून एकच चित्रपट दोन दोन, तीन तीन भाषांत वेगवेगळ्या नटांना घेऊन चित्रित करत. ‘थ्रीपेनी’ जर्मन आणि फ्रेंचमध्ये झाला. उफाचा ‘डेर काँग्रेस टान्त्स्ट’ जर्मन, फ्रेंच, इंग्रजी अशा तिन्हींत झाला, आणि त्याचं संकलन करणारा व्हिक्टर गेर्टलर मूळचा हंगेरियन. जर्मन वाक्यात मुख्य क्रियापद पुष्कळदा शेवटी येतं. ते येईपर्यंत ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवून उपयोग नाही, कारण त्याला काय सांगितलं जातंय हेच त्याला कळलेलं नसतं. फ्रेंचमध्ये क्रियापद लवकर येतं, मग चेहऱ्याचा कटही लवकर हवा. प्रसंग तोच, सेट तोच, दिग्दर्शक तोच, तरी कट एकाच जागी बसत नाही. हे नुसत्या हाताचं काम असतं तर एका भाषेतली मापं दुसरीत जशीच्या तशी चालली असती.

ओझरनंच १९३१ मध्ये पाब्स्टचा ‘कामेराडशाफ्ट’ कापला. सरहद्दीवरच्या खाणीत स्फोट होतो, फ्रेंच मजूर गाडले जातात आणि जर्मन मजूर त्यांना काढायला जातात. एकाच चित्रपटात दोन्ही भाषा, आणि पात्रांना एकमेकांची भाषा कळत नाही. न कळणं कुठे दाखवायचं आणि कळणं कुठे, यावर अख्खा चित्रपट तोललेला आहे.

मग १९३३ आलं. जानेवारीत हिटलर सत्तेवर आला. मार्चअखेर लांगच्या ‘डॉक्टर माबुझेचं मृत्युपत्र’वर बंदी आली, त्याच सुमारास उफाच्या संचालकांनी ज्यू कर्मचाऱ्यांना काढायचा ठराव केला, आणि जुलैत निघालेल्या राइश फिल्म चेंबर या सरकारी संस्थेच्या सदस्यत्वाशिवाय या धंद्यात कुणाला काम मिळेना. फाल्केनबेर्ग पॅरिसला गेला, तिथून न्यूयॉर्कला. ओझर फ्रान्स, मग अमेरिका, आणि हान्सचा जाँ झाला. गेर्टलर बुडापेस्टला परतला आणि दिग्दर्शक झाला. ‘माबुझे’च्या फ्रेंच आवृत्तीवर काम केलेला लोथार वोल्फही अमेरिकेत माहितीपटांकडे वळला. ‘मेडशेन इन युनिफॉर्म’ कापलेला ओस्वाल्ड हाफेनरिष्टर इंग्लंडला पोचला.

इथे विरोधकांचा दुसरा मुद्दा येतो, आणि तो मला जास्त टोचतो. ही माणसं एवढी मोठी होती तर पुढे त्यांच्या हातून दुसरा ‘एम’ का घडला नाही? लांगनं हॉलिवूडमध्ये वीसेक चित्रपट केले. फाल्केनबेर्गचं नाव काढलं तर फार तर १९५१ चा चित्रकार जॅक्सन पोलॉकवरचा दहा मिनिटांचा लघुपट आठवतो, हान्स नामुथबरोबर केलेला, ज्यात काचेखालून पोलॉकला रंग शिंपडताना दाखवलंय. मग प्रतिभा कुणाची होती?

प्रश्न रास्त आहे, पण तो दोन गोष्टी विसरतो. संकलकाचं भांडवल म्हणजे भाषेचा कान. वाक्याचा उतार कुठे लागतो, माणूस खोटं बोलताना कुठे अडखळतो, हे परक्या भाषेत तिशीत शिकायचं म्हणजे पुन्हा पाटीवर अक्षरं गिरवायची. छायाचित्रकाराला प्रकाश कुठेही तसाच भेटतो, संवाद कापणाऱ्याला शब्द तसे भेटत नाहीत. शिवाय दिग्दर्शकाचं नाव त्याच्या आधी जाऊन पोचतं, ज्याला आपण ‘तांत्रिक’ म्हणून नोंदलं त्याचं पोचत नाही. नाव न नोंदवून आधी माणसाला अदृश्य करायचं आणि मग तो दिसत नाही म्हणून तो नव्हताच असं म्हणायचं, हा गोल युक्तिवाद आहे. आणि जिथे संधी मिळाली तिथे काय झालं? हाफेनरिष्टरनं १९४९ चा ‘द थर्ड मॅन’ कापला. युद्धानंतरचं व्हिएन्ना, आणि त्यातले जर्मन संवाद भाषांतर न देता तसेच ठेवलेत. अमेरिकन नायकासारखं प्रेक्षकालाही काही कळत नाही, आणि न कळण्यातूनच धास्ती वाढते. त्या संकलनाला ऑस्करचं नामांकन मिळालं. कुठल्या वाक्यावर किती थांबलं म्हणजे न कळतासुद्धा अर्थ जाणवेल, हे ठरवायला दोन्हीकडचा कान असलेला माणूस टेबलाशी होता, हा योगायोग मी तरी क्षुल्लक मानत नाही. तिथून तो ब्राझीलला व्हेरा क्रूझ स्टुडिओत गेला. नुसत्या तीन देशांत नव्हे, तीन भाषांत ज्याला पुन्हा पुन्हा उभं राहता आलं, तो नुसता हात नसतो.

इथवर श्रेयाची बाजू झाली. आता जबाबदारीची.

‘एम’च्या शेवटी गुन्हेगारांचं न्यायालय भरतं आणि खुनी गुडघ्यांवर बसून आक्रोश करतो, की मला हे करायचं नसतं, माझ्या आतलं काहीतरी मला करायला लावतं. ज्याला आपण दीड तास भ्यालो त्याच्याबद्दल त्या क्षणी मन कळवळतं. लोरे ज्यू होता, तोही १९३३ मध्ये देश सोडून गेला होता. १९४० साली नाझींनी ‘डेर एविगं युडं’ हा ज्यूद्वेषाचा अत्यंत घाणेरडा प्रचारपट काढला. त्यात लोरेचा हाच आक्रोश उचलून घातलाय. तीच चौकट, तोच चेहरा, तोच आवाज. एक अक्षर बदललेलं नाही. मागचे-पुढचे तुकडे बदलले, वर निवेदन टाकलं, आणि आजारी माणसाबद्दल दया मागणारं भाषण ‘बघा, ज्यू कलावंत खुन्यांचं कौतुक कसं करतात’ याचा पुरावा झालं. हे लिहिताना माझा हात आजही थरथरतो, कारण तो जोड मला दिसतो. कुणीतरी टेबलाशी बसून, उजव्या हातात पट्टी धरून, कुठून घ्यायचं आणि कुठे तोडायचं हे मोजलं असणार.

तो जोड तांत्रिक होता का? त्या तुकड्यात दिग्दर्शकानं काहीच चित्रित केलेलं नाही, नटाला काही सांगितलेलं नाही, लेखकानं संवाद लिहिलेला नाही. अर्थ उलटा झाला तो फक्त संकलनानं. युद्ध संपल्यावर चित्रपटधंद्यातल्या कितीतरी लोकांनी हेच सांगितलं, की आम्ही फक्त आमचं काम करत होतो. लेनी रीफेनश्टालनं नाझी पक्षाच्या मेळाव्यावरचा ‘ट्रायम्फ डेस विलेन्स’ स्वतः कापला, महिनोन् महिने कापला, आणि नंतर जन्मभर म्हणत राहिली की घडलं ते मी फक्त टिपलं. ज्या शब्दानं फाल्केनबेर्गचं नाव पुसलं, त्याच शब्दाआड ही माणसं लपली. म्हणून मी म्हणतो, ‘तांत्रिक’ ही नुसती कमी लेखणारी शिवी नाही, ती ढालही आहे. संकलकांनी श्रेय मागावं, पण मग ही ढाल खाली ठेवायची तयारी हवी. बातमीच्या वाहिनीवर एखाद्याचं अर्धंच वाक्य दाखवून त्याला देशद्रोही ठरवतात, तेव्हा ते वाक्य कुठे तोडायचं हेही कुणीतरी माझ्यासारखाच माणूस ठरवत असतो. हल्ली हे काम संगणकावर आपोआप करून देणारी अवजारं आलीत. मग तर ‘मी नाही, यंत्रानं कापलं’ म्हणायला मोकळीकच.

कायद्याची स्थिती बघितली तर आपण अजून ब्रेष्टच्या कोर्टातच अडकलोय. आपल्या १९५७ च्या प्रताधिकार कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. २०१२ च्या दुरुस्तीआधी दिग्दर्शकालाही सहकर्ता मानावं असा प्रस्ताव आला होता, तो गळला. संकलकाचं तर नावच नको. जर्मनीत मात्र निर्मितीत ज्याचा सर्जनशील वाटा असेल तो सहकर्ता ठरू शकतो, आणि संकलक त्यात धरला जातो. ‘दास बूट’ या जर्मन चित्रपटाचा छायाचित्रकार योस्ट वाकानो म्हातारपणी वर्षानुवर्षं कोर्टात लढला आणि चित्रपटाच्या प्रचंड कमाईतला रास्त वाटा मागत राहिला. एवढ्या लोकांना कर्ता मानलं तर धंदा ठप्प होईल, ही आपल्याकडच्या निर्मात्यांची भीती मी हसण्यावारी नेत नाही. मालकी एका हाती असल्याशिवाय चित्रपट विकता येत नाही. पण मालकी आणि कर्तेपण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. घर बिल्डरच्या नावावर असलं तरी छत कोसळलं की नकाशावर सही कुणाची हे आपण शोधतोच ना?

त्या संध्याकाळी वाद संपता संपता मी एक प्रश्न विचारला, तो इथेही विचारतो. १९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभी राहिली ती हिमांशू राय यांनी जर्मनीहून आणलेल्या माणसांच्या बळावर. दिग्दर्शक फ्रांझ ऑस्टेन, छायाचित्रकार योझेफ विरशिंग, सेट कार्ल फॉन श्प्रेटीचे, प्रयोगशाळेत विल्हेल्म झोले. १९३६ चा ‘अछूत कन्या’ यांच्यातल्याच हातांचा. ऑस्टेनला हिंदी येत नव्हतं. मग देविका राणी आणि अशोक कुमार बोलत असताना वाक्य कुठे संपलं, सूर कुठे उतरला, कुणाच्या गप्प राहण्यावर थांबायचं, हे कुणाच्या कानानं ठरलं? विरशिंगचं नाव सभागृहात पाचसहा जणांना माहीत होतं, त्याच्या छायाचित्रांची पुस्तकं निघालीत, प्रदर्शनं भरलीत. संकलन दत्ताराम पैंचं होतं. ते नाव कुणीही ऐकलेलं नव्हतं. पुढच्या महिन्यात ‘अछूत कन्या’ लावायचं ठरलंय, आणि पत्रकाचा मजकूर माझ्याकडे दिलाय.